सुटकेनंतरचा बांध

भाऊबंदकीच्या खटल्याची सुरुवात बहुधा क्षुल्लक असते. नांगरताना बांध हातभर सरकतो, विहिरीच्या पाळीवरून बोलाचाली होते, बहीण हक्कसोडपत्रावर सही करायला नकार देते. मग काठ्या-कुऱ्हाडी निघतात, दोन्ही बाजू परस्परांविरुद्ध फिर्यादी देतात. साक्षीला उभे राहतात तेही घरचेच: चुलता, जाऊ, पुतण्या. काही वर्षांनी सत्र न्यायालय आरोपींना संशयाचा फायदा देऊन सोडतं आणि गावात बोललं जातं, कोर्टानं जमीन त्यांचीच ठरवली.

असं काहीच ठरलेलं नसतं. घाव कोणी घातला हे शंकेपलीकडे सिद्ध झालं नाही, एवढंच त्या निकालात असतं. पण ज्या घरातला माणूस गेला त्या घराला हा निकाल जमिनीचाही वाटतो, आणि तिथूनच अपिलाची धडपड सुरू होते.

2009 पर्यंत हे अपील मुख्यतः सरकारच्या हाती होतं. त्या वर्षाच्या अखेरीस फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम 372 मधली दुरुस्ती अमलात आली आणि पीडिताला, त्याच्या कायदेशीर वारसालाही, स्वतः अपील करता येऊ लागलं. नव्या नागरिक सुरक्षा संहितेत तोच हक्क कलम 413 मध्ये आहे. नवऱ्याच्या खुनानंतर सासरशी एकटी झुंजणाऱ्या बाईसाठी ही फार मोठी गोष्ट आहे. सरकारी वकील अपील करतील का, याची वाट बघत तिला बसावं लागत नाही.

मात्र वरचं न्यायालय काय तपासतं? प्रिव्ही कौन्सिलनं 1934 मध्ये सांगितलेलं सूत्र आजही टिकून आहे: सगळा पुरावा नव्यानं तपासता येतो, पण साक्षीदाराला बोलताना पाहिलेल्या न्यायाधीशाचं मत सहज बाजूला सारायचं नाही. दोन निष्कर्ष सारखेच संभवत असतील तर सुटका कायम. तरीही संशयाच्या फायद्याची मुभा सरसकट नाही. महाराष्ट्रातल्याच एका खून खटल्यात न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी 1973 मध्ये बजावलं की ओढूनताणून काढलेल्या शंकांवर गुन्हेगार सुटला, तर तोही अन्यायच. घरच्या साक्षीदाराबद्दलही हेच. नात्यातला आहे एवढ्यावरून त्याची साक्ष फेकून देता येत नाही, कारण शेतातली मारामारी बघायला परका असतोच कुठे?

पुनरीक्षणाचा दरवाजा तर आणखी अरुंद. तिथे सुटकेचं रूपांतर थेट शिक्षेत करता येत नाही. महत्त्वाचा पुरावा चुकीनं नाकारला किंवा नजरेआड केला असेल, तर फार तर फेरसुनावणीचा आदेश मिळतो. फिर्यादीला हा संयम जाचतो, तो जाचणारच. पण वैरातून चुलतभावाचंही नाव फिर्यादीत गोवलं जातं, हे गावाकडच्या प्रत्येकाला ठाऊक आहे. म्हणून हा संयम हवाच.

एका ठिकाणी मात्र खून आणि जमीन खरोखर एकमेकांत गुंततात. हिंदू वारसा कायद्याचं कलम 25 खुन्याला मृताचा वारस होऊ देत नाही. त्यामागचा न्याय प्रिव्ही कौन्सिलनं 1924 मध्येच मुंबई इलाख्यातून आलेल्या एका अपिलात मांडला होता. सुटका झाली की हा अडथळा आपोआप संपला, असं वाटणं साहजिक आहे. पण दिवाणी न्यायालय पुराव्याचं वजन वेगळ्या काट्यावर करतं आणि फौजदारी निकालाला ते बांधलेलं नसतं. तलाठ्याच्या फेरफारानंही मालकी ठरत नाही; ती नोंद महसुलापुरती.

मालकीचा निकाल लागेपर्यंत दोन्ही भावांची नावं एकाच सातबाऱ्यावर असतात, आणि बऱ्याचदा बहिणीचंही असतं किंवा असायला हवं असतं. महाराष्ट्रानं 1994 मध्येच मुलीला सहदायकी मान्य केली, तरी मारामारी दोन भावांत आणि गप्प बसायचं बहिणीनं, हा शिरस्ता संतापजनक आहे. जमीन महसूल संहितेच्या कलम 85 खाली वाटपाचा अर्ज करता येतो. हक्काचाच वाद निघाला तर दिवाणी दावा. भूमी अभिलेख खात्याकडे मोजणी मागता येते. यातल्या कशालाही उच्च न्यायालयातल्या अपिलाच्या निकालासाठी थांबायची गरज नाही, आणि त्या अर्जावर बहिणीनंही सही करावी.