सवाल राजाचा आणि सवाल पंडिताचा

बी.एड.ला असताना औरंगाबादेत (आताचं छत्रपती संभाजीनगर) मिलिंद महाविद्यालयावरून रोज जाणं-येणं व्हायचं. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९५० साली सुरू केलेलं हे कॉलेज. परिसराचं नाव नागसेनवन. मिलिंद हे नाव मराठी घरांतल्या मुलांचं असतं, म्हणून मला वाटायचं, कुणा देणगीदाराच्या मुलाचं असेल. मिलिंद हा राजा होता आणि नागसेन हा त्याच्याशी बोललेला भिक्खू, हे मला फार उशिरा कळलं.

राजा ग्रीक होता. मूळ नाव मिनँडर, काळ इसवी सनापूर्वीचं दुसरं शतक. त्याची राजधानी सागल म्हणजे आजचं सियालकोट, असं अभ्यासक मानतात. आम्हा उर्दू शिकवणाऱ्यांना सियालकोट माहीत असतं ते इकबालचं जन्मगाव म्हणून. या राजाच्या नाण्यांवर एका बाजूला ग्रीक अक्षरं आहेत आणि दुसऱ्या बाजूला खरोष्ठी लिपीतली प्राकृत. खरोष्ठी उर्दूसारखीच उजवीकडून डावीकडे लिहिली जायची. एक लिपी इकडून, एक तिकडून! माझ्या फळ्यावर रोज हेच चालतं. राजा मला तिथंच आपला वाटला.

दोघांची प्रश्नोत्तरं ‘मिलिंदपञ्ह’ या पाली ग्रंथात आहेत. ती जशीच्या तशी झाली असतील असं इतिहासकार म्हणत नाहीत, पण वाचताना ते आड येत नाही. नागसेन सांगतो, लोक मला नागसेन म्हणतात, पण ते नुसतं नाव आहे, आत तसा कुणी नाही. राजा विचारतो, मग केस म्हणजे नागसेन का? नखं, दात? भिक्खू उलट विचारतो, आपण आलात कशानं? रथानं. मग चाक म्हणजे रथ का? आस? दांडी? राजा एकेकाला नाही म्हणत जातो आणि शेवटी स्वतःच म्हणतो, या सगळ्यांच्या मिळून होण्यालाच रथ हे नाव आहे.

रथाचा हा दाखला प्रसिद्ध आहे. मी मात्र अडकलो दुसऱ्याच जागी. राजा पुढच्या चर्चेला बोलावतो तेव्हा नागसेन अट घालतो. पंडितांसारखं बोलणार असाल तर बोलेन, राजांसारखं असेल तर नाही. फरक काय, असं राजा विचारतो. पंडितांच्या बोलण्यात गुंता होतो, सुटतो, चूक दाखवली जाते, ती कबूलही केली जाते, पण कुणी रागावत नाही. राजे एक गोष्ट मांडतात आणि जो ती मानत नाही त्याला सजा फर्मावतात. राजा अट मान्य करतो आणि वर म्हणतो, माझ्याशी निर्धास्त बोला, एखाद्या सेवकाशी बोलावं तसं.

हे वाचलं आणि दोन प्रसंग आठवले.

पहिला एका प्रशिक्षण वर्गातला. जेवणाच्या सुट्टीत एका सहकाऱ्यानं विचारलं, “तुमच्यात घरी मराठी चालते का हो?” आजूबाजूचे हात थांबले. मी काय सांगतो याची कुणाला उत्सुकता नव्हती. मी हसून डबा बंद केला. उत्तर आधीच ठरलेलं असेल तर सवाल हा सवाल राहत नाही, हजेरी होते. असे सवाल तुमच्यापैकी अनेकांनी ऐकले असतील.

दुसरा माझ्याच वर्गातला. आठवीला मराठीचा तास. एक मुलगी उभी राहिली. “सर, उर्दूत ‘ठंडा पानी’, मराठीत ‘थंड पाणी’. तेच पाणी तिथं मुज़क्कर आणि इथं नपुंसकलिंगी. हे ठरवलं कुणी?” घंटा व्हायला पाच मिनिटं होती. मी म्हणालो, “तू ठरवलंस तर बदलून टाकू. बस खाली.” वर्ग हसला. मीही हसलो. त्या वर्षी तिनं पुन्हा हात वर केला नाही.

छडी न उगारताही सजा देता येते. तिथं डबा बंद करून उठणारा मी इथं मिलिंदाच्या आसनावर बसलो होतो, आणि तेही अट न पाळणाऱ्या मिलिंदाच्या. इतरांनी आपल्याशी पंडितासारखं बोलावं असं आपल्याला वाटतं. घरात, मुलांशी, विद्यार्थ्यांशी बोलताना मात्र आपण राजे होतो. ताकद ज्याच्या हातात आहे, अट त्यानंच पाळायची असते. नागसेनानं ती राजालाच घातली होती.

पुढच्या वर्षी मी नववीच्या वर्गात जाऊन तो सवाल स्वतः फळ्यावर लिहिला. संस्कृतातली तीन लिंगं मराठीनं जपली. उर्दू-हिंदीत नपुंसकलिंग राहिलं नाही, पाणी पुल्लिंगात गेलं. मग मुलांनी घर, किताब-पुस्तक असे शब्द काढून यादी केली. हा सवाल गेल्या वर्षी वर्गातूनच आला होता आणि मी तो हसण्यावारी नेला, चूक माझी होती, हेही सांगितलं.

ती मागच्या बाकावर होती. तिनं यादी उतरवून घेतली. हात वर केला नाही. मी अजून वाट पाहतोय.