कोडाचा क्रमांक

मराठीत ‘कोड’ म्हणजे त्वचेवरचे पांढरे डाग, आणि रुग्णालयाच्या कागदावरचा सांकेतिक क्रमांकही ‘कोड’च. वारूळवाडीत माझ्या ७२ वर्षांच्या सासूबाईंच्या डाव्या पापणीवर असा डाग उमटला. कुणीतरी त्याला ‘श्वेतकुष्ठ’ म्हटले आणि त्यांनी हळदीकुंकवाला जाणे सोडले. नातवाला जवळ घेणेही टाळले.

त्वचारोगतज्ज्ञांनी कागदावर ‘एल ८०’ लिहिले. जागतिक आरोग्य संघटनेच्या रोगवर्गीकरणाच्या दहाव्या आवृत्तीतील हा कोडाचा क्रमांक. कुष्ठरोग ‘ए ३०’ म्हणून संसर्गजन्य रोगांत, तर कोड त्वचाविकारांत नोंदले जाते. अमेरिकेतील आवृत्तीत पापणीच्या कोडाला ‘एच ०२.७३’ असा निराळा गटही आहे. हे दोन क्रमांक शेजारी मांडून दाखवल्यावर सासूबाई म्हणाल्या, “म्हंजे घरच निराळं की गं!”

कोडात शरीराची प्रतिकारशक्ती रंगपेशींवर उलटते. डागाची संवेदना शाबूत राहते, स्पर्शाने तो पसरत नाही. मात्र पापणीवर स्टिरॉइडचे मलम मनाने लावू नये. त्याने डोळ्यातील दाब वाढू शकतो. थायरॉइडच्या तपासणीविषयीही डॉक्टरांना विचारावे.

घरातील ज्येष्ठांच्या कागदावरचा क्रमांक समजून घ्या. औषधाआधी कधीकधी तोच मनावरचा भार उतरवतो.