चारशे पंचवीस हत्ती

आकाशातून हत्ती उडत गेले, असे कोणी सांगितले तर ऐकणारा हसतो आणि आपल्या कामाला लागतो. परंतु आकाशातून ४२५ हत्ती उडत गेले, असे तोच मनुष्य गंभीर चेहऱ्याने सांगू लागला, तर ऐकणारा क्षणभर थबकतो. ४२५ च का? ते मोजले कोणी? आणि मोजले असतील, तर कोणाला तरी ते दिसले असलेच पाहिजेत! अशक्य गोष्टीला नेमका आकडा जोडला, की तिचे पाय जमिनीला टेकतात. हे मर्म ज्याने ओळखले आणि उडत्या हत्तींचा हाच दाखला देऊन इतरांना समजावून सांगितले, तो गाब्रिएल गार्सिया मार्केस हा दक्षिण अमेरिकेतील कोलंबिया देशाचा थोर कथाकार. नवल सांगावे कसे, हे त्याला कोणत्याही विद्यालयात शिकावे लागले नाही. ते त्याला त्याच्या आजीने शिकविले.

कोलंबियाच्या उत्तर भागात, कॅरिबियन समुद्राच्या किनाऱ्यापासून थोडे आत, अराकाताका नावाचे एक उष्ण, दमट गाव आहे. मार्केसच्या बालपणी त्याच्या सभोवती केळीच्या बागाच बागा होत्या. या गावी ६ मार्च १९२७ रोजी त्याचा जन्म झाला. आईवडील दुसऱ्या गावी राहावयास गेले आणि हा मुलगा आजोळीच वाढला. आयुष्यातील पहिली आठ-नऊ वर्षे त्याने तेथे काढली. त्याचे आजोबा निकोलास मार्केस हे जुने लढवय्ये. १८९९ ते १९०२ या काळात कोलंबियात जे भीषण यादवी युद्ध झाले, त्यात ते लढले होते. लोक त्यांना कर्नल म्हणूनच ओळखत. त्यांना सोनारकामही अवगत होते आणि ते सोन्याचे इवलेइवले मासे घडवीत. नातवाला बरोबर घेऊन ते गावात हिंडत आणि जे नवे दिसेल ते त्याला समजावून देत. एकदा दगडासारखे टणक झालेले मासे पाहून मुलगा चकित झाला. ते गोठविलेले आहेत, असे आजोबांनी सांगितले. आणि बर्फ म्हणजे काय हे कळावे, म्हणून एक पेटी उघडावयास लावून नातवाचा हात बर्फावर टेकविला. त्या तापलेल्या गावातील बालकाला तो स्पर्श म्हणजे एक अजब चमत्कारच होता. पण चमत्कार असला, तरी त्याला कारण होते. आजोबांच्या जगात प्रत्येक गोष्टीला कारण असे.

आजीचे जग निराळे होते. तिचे नाव त्रांकिलिना इग्वारान. त्या मोठ्या घरात मृत आप्तेष्ट वावरतात, याबद्दल तिच्या मनात तिळमात्र शंका नव्हती. अंधार पडू लागला, की ती नातवाला एका जागी बसवून ठेवी. जागचा हललास तर त्यांच्यापैकी कोणी येईल, असे बजावी. बिचारा मुलगा श्वास रोखून बसे. मात्र हे सांगताना आजीचा आवाज कापत नसे, की तिचे डोळे विस्फारत नसत. आज बाजारातून काय आणावयाचे, हे ज्या स्वरात सांगावे, त्याच स्वरात ती मेलेल्या माणसांची हकीकत सांगे. चेहऱ्यावरची रेषाही हलू न देता सांगितलेली ती गोष्ट मुलाला अधिकच खरी वाटे.

त्या घरी विजेचे काम करणारा एक कारागीर येत असे. खांबावर चढल्यावर स्वतःला अडकवून घेण्यासाठी त्याच्याजवळ एक पट्टा असे आणि त्या पट्ट्याचे मुलाला मोठे कुतूहल वाटे. आजी म्हणे, "हा माणूस येऊन गेला, की घर फुलपाखरांनी भरून जाते." पुढे मार्केस लेखक झाला, तेव्हा त्याच्या कादंबरीतील एका कारागिराभोवती फुलपाखरांचा थवा सतत भिरभिरू लागला. परंतु लिहिता लिहिता त्याला एक गोष्ट उमगली. नुसती फुलपाखरे म्हटल्याने भागत नाही; ती पिवळी होती, असे सांगितले, तरच वाचकाचा विश्वास बसतो.

एवढे साधे वाटणारे हे रहस्य हाती येण्यास मार्केसला अनेक वर्षे लागली. आपल्या आजोळची कथा लिहावी, असे त्याच्या मनात तरुणपणापासून होते. पण ती मनासारखी उतरत नव्हती. आपण जे लिहितो त्यावर प्रथम आपलाच विश्वास पाहिजे आणि आजी ज्या निर्विकार चेहऱ्याने सांगत असे त्याच चेहऱ्याने ते लिहिले पाहिजे, हे ध्यानात आले तेव्हा वाट मोकळी झाली. १९६५ साली मेक्सिको शहरात त्याने लेखनास आरंभ केला. सुमारे अठरा महिने तो लिहीत होता आणि त्याची पत्नी मेर्सेदेस उधारी-उसनवारी करून घर चालवीत होती. हस्तलिखित प्रकाशकाकडे धाडण्याची वेळ आली, तेव्हा टपालखर्चापुरतेही पैसे त्यांच्याजवळ नव्हते. त्यांनी अर्धेच बाड पाठविले आणि घरातील काही वस्तू गहाण टाकून मग उरलेले रवाना केले. १९६७ साली अर्जेंटिना देशातील ब्वेनोस आइरेस येथे ती कादंबरी प्रसिद्ध झाली. तिच्या स्पॅनिश नावाचा अर्थ 'एकाकीपणाची शंभर वर्षे' असा आहे. १९८२ साली मार्केसला साहित्याचे नोबेल पारितोषिक मिळाले. १७ एप्रिल २०१४ रोजी मेक्सिको शहरातच त्याचे निधन झाले.

या कादंबरीत माकोंदो नावाचे एक कल्पित गाव आहे. तेथील एक सुंदर तरुणी सदेह आकाशात निघून जाते. ही घटना कागदावर उतरविताना लेखकाची लेखणी अडली. माणूस वर जाईल कसा? एके दिवशी त्याने एका स्त्रीला चादरी वाळत घालताना पाहिले. वारा जोराचा होता. चादरी फुगत होत्या, तिच्या हातून निसटू पाहत होत्या. झाले! त्याच्या कथेतील तरुणी वाळत घातलेल्या चादरींसकट आकाशात गेली. चमत्काराला जे बळ हवे होते, ते परसातील धुण्याने दिले!

आपल्या कहाण्यांतूनही अद्भुत काही कमी नसते. पण त्या घडतात आटपाट नगरात. ते नगर कोणत्या जिल्ह्यात आहे, असे कोणी विचारीत नाही. तेथे राक्षसाचा प्राण पोपटात असला, तरी कोणाला आश्चर्य वाटत नाही. मार्केसच्या माकोंदोत मात्र पाऊस पडतो, आगगाडी येते, कर्ज होते, मुले आजारी पडतात. आणि अशाच एखाद्या सामान्य दिवशी, शेजारच्याच घरात, अद्भुत घडते. या रीतीला 'जादुई वास्तववाद' असे म्हणतात. १९२५ साली फ्रान्झ रो या जर्मन समीक्षकाने चित्रकलेविषयी लिहिताना हा शब्दप्रयोग केला. पुढे तो साहित्यातही रूढ झाला. चित्रकारांनाही ही किमया अवगत होतीच. मार्क शागाल याने १९१४ ते १९१८ या काळात रंगविलेल्या एका प्रसिद्ध चित्रात तो स्वतः आणि त्याची पत्नी बेला गावावरून उडत चालली आहेत. खाली मात्र त्याच्या वितेब्स्क गावाची साधी घरे आणि लाकडी कुंपणे आहेत. खालचे कुंपण ओळखीचे आहे, म्हणून वरचे उड्डाणही पटते.

येथे एक शंका मनात येते. ही सारी खटपट कशासाठी? वाचकाला चकित करावे, एवढ्यासाठीच काय? तसे असते, तर ती कादंबरी गारुड्याच्या खेळासारखी पाहून विसरली गेली असती. तिच्या मुळाशी एक दुखरे सत्य आहे.

मार्केस पावणेदोन वर्षांचा होता, तेव्हाची ही घटना. त्याच्या गावाच्या परिसरात युनायटेड फ्रूट कंपनी या अमेरिकी कंपनीचा केळीचा मोठा व्यापार चाले. १९२८ च्या नोव्हेंबरात तेथील कामगारांनी संप पुकारला. आठवड्यात सहाच दिवस काम असावे, कंपनीच्याच दुकानात चालणाऱ्या चिठ्ठ्यांऐवजी रोख मजुरी मिळावी, अशा त्यांच्या मागण्या होत्या. ६ डिसेंबर १९२८ रोजी, मध्यरात्र उलटल्यानंतर, सिएनागा गावी जमलेल्या कामगारांच्या जमावावर सैन्याने गोळ्या झाडल्या. किती माणसे मेली? सेनापतीने ४७ हा आकडा कबूल केला. दुसरे कोणी शेकडो म्हणत, कोणी त्याहूनही अधिक. खरा आकडा आजवर निश्चित झालेला नाही. मोठेपणी मार्केसने त्या भागातील लोकांकडे चौकशी केली, तेव्हा तेथे कोणी मेलेच नाही, असे सांगणारेही त्याला भेटले.

कादंबरीत हा गोळीबार येतो. मृतदेहांनी भरलेली एक प्रचंड लांब आगगाडी रात्रीच्या अंधारात समुद्राकडे निघते. तिच्यातून जिवंत निसटलेला एक माणूस गावी परततो आणि तीन हजार माणसे मेली, असे घरोघर सांगतो. पण त्याचे कोणी ऐकत नाही. मग पाऊस सुरू होतो आणि चार वर्षे, अकरा महिने, दोन दिवस पडत राहतो. जणू सारी खूणच धुऊन टाकावयाची आहे! याच कादंबरीत आधी विस्मरणाची एक साथ येऊन गेलेली असते. लोक वस्तूंची नावे विसरू लागतात. म्हणून ते प्रत्येक वस्तूवर तिचे नाव आणि उपयोग लिहून ठेवतात. वाचताना प्रथम हसू येते. पण तीन हजार माणसे विसरणारे गाव समोर उभे राहिले, की ती साथ कोणती होती हे कळते, आणि हसू मावळते. माणसे विसरतात, विसरावयास लावली जातात, हे सत्य नुसत्या शब्दांत सांगितले असते तर कानांवरून गेले असते. त्या पावसाने आणि त्या आगगाडीने ते मनात रुतवून ठेवले.

परंतु या गोष्टीला आणखी एक बाजू आहे. तीन हजार हा आकडा मार्केसने स्वतःच वाढवून घेतला होता. कथेतील एवढी मोठी आगगाडी भरावयाची, तर थोडे मृत पुरणार नव्हते; हे त्याने पुढे स्पष्टपणे सांगितले. गंमत अशी, की लोकांनी मात्र तो आकडा इतिहास म्हणून स्वीकारला. त्या घटनेच्या एका स्मृतिदिनी कोलंबियाच्या सिनेटमध्ये तीन हजार हुतात्म्यांसाठी मौन पाळण्याचे आवाहन झाले, असे त्यानेच आपल्या आत्मकथनात नमूद केले आहे. पिवळ्या रंगाने फुलपाखरे खरी वाटावीत, तसा एका आकड्याने कल्पित हिशेब खरा वाटला!

म्हणजे हे नेमकेपणाचे साधन मोठे सामर्थ्यशाली आहे, आणि म्हणूनच ते सांभाळून हाताळावे लागते. नेमका आकडा, नेमका रंग, नेमका दिवस कथाकार सांगतो, तसा लबाड माणूसही सांगतो. दोघांत फरक आहे तो हेतूचा. लबाडाला एवढेच हवे असते, की ऐकणाऱ्याने मान डोलवावी आणि पुढे काही विचारू नये. कथाकार मात्र आपण कथा सांगत आहोत हे लपवीत नाही. आणि ती संपल्यावर वाचकाच्या मनात प्रश्न जागे व्हावेत, अशीच त्याची इच्छा असते. मार्केसची आगगाडी काल्पनिक आहे. पण ती वाचून जगभरच्या वाचकांनी सिएनागाचे नाव शोधून काढले आणि तेथे खरोखर काय घडले, असे विचारले.

त्या प्रश्नाचे उत्तर देणे हे मात्र कथेचे काम नव्हे. त्यासाठी जुने कागद चाळणारे, साक्षी तपासणारे, मृतांची नावे एकेक करून गोळा करणारे लोक लागतात. होर्हे एलिएसेर गाइतान या तरुण लोकप्रतिनिधीने १९२९ साली कोलंबियाच्या संसदेत या हत्याकांडाला वाचा फोडली, तेव्हा त्याने साक्षी-पुरावेच पुढे मांडले होते. एका बालकाला आजीकडून नवल सांगण्याची रीत मिळाली, तशी आजोबांकडून शब्दकोश उघडून पाहण्याची सवयही मिळाली होती. नवलकथा वाचताना या दोन्ही वारशांची गरज असते. आजीचे ऐकताना मन मोकळे सोडावे. आणि गोष्ट संपली, की आजोबांसारखे उठून, ते खरे किती होते, हे पडताळून पाहावे.