दोन कॅसेटी

यंदा दिवाळीच्या साफसफाईत आमच्या भैरवगढच्या घरातल्या माळ्यावरून पत्र्याची ट्रंक खाली आली. आत दादाची दहावीची गाइडं, विजेची जुनी बिलं आणि दोन कॅसेटी होत्या. एक गाण्याची, एक गेमची. आमच्या लहानपणी दोन्हींना कॅसेटच म्हणायचे. त्यामुळे कुणी "कॅसेट लाव" म्हटलं की बाबा एक आणायचे, आम्ही दुसरी, आणि पुढचा अर्धा तास भांडणात जायचा.

भैरवगढ म्हणजे उज्जैनचं एक टोक. इथले लोक 'भेरूगढ' म्हणतात. कालभैरवाचं मंदिर, क्षिप्रेकाठचा सिद्धवट, मध्यवर्ती जेल आणि कापडावर छपाई करणाऱ्या छिपांची घरं, एवढ्यात आमचं बालपण मावलं. शाळेतून येताना वितळलेल्या मेणाचा वास आला की समजायचं, घर आलं.

गाण्याची कॅसेट बाबांची. बाबा शाळामास्तर. विकतची कॅसेट घेणं तेव्हा परवडत नव्हतं. एका संध्याकाळी आकाशवाणी इंदूरवर कुमार गंधर्वांची माळवी लोकगीतं लागणार होती. बाबांनी शेजारून टेपरेकॉर्डर मागून आणला, रेडिओसमोर ठेवला आणि सगळ्यांना गप्प बसायला सांगितलं. सगळे बसले, फक्त आजी सोडून. गाणं रंगात आलेलं असताना मागून तिचा आवाज येतो, "अरे, दूध बघ रे, उतू जातंय!" आजीला जाऊन अठरा वर्षं झाली. तिचा आवाज असलेली घरातली ही एकच वस्तू.

गेमची कॅसेट माझी आणि दादाची. पिवळी, वर '९९९९ इन १' लिहिलेलं. प्रत्यक्षात आत पंचवीसएक गेम, तेच पुन्हा पुन्हा. आमचं यंत्र म्हणजे जपानच्या निन्टेन्डोने १९८३ मध्ये काढलेल्या फॅमिकॉमची नक्कल, आणि कॅसेट ही त्यातल्या गेमची नक्कल. पण 'काँट्रा'मध्ये वर-वर-खाली-खाली करून तीस लाइफ मिळाल्या की आम्हाला आणखी काही नको असायचं.

दादाचा मुलगा तेरा वर्षांचा आहे. त्याने दोन्ही कॅसेटी हातात घेतल्या, त्यांची माहिती ऐकली आणि म्हणाला, "काका, म्हणजे दोन्ही पायरेटेड. मागच्या वर्षी मी क्रॅक केलेला गेम डाउनलोड केला तर तू मला केवढं झापलं होतंस!"

मी हसून वेळ मारून नेली. बाबा मात्र हसले नाहीत. शाळेतला खडूचा तुकडासुद्धा ज्यांनी कधी घरी आणला नाही, त्यांना नातवाने चोर ठरवलं होतं. थोड्या वेळाने म्हणाले, "टाकून द्या मग ती. घरात चोरीची वस्तू नको." आणि उठून आत गेले.

मी सॉफ्टवेअर लिहून पोट भरतो. आम्ही लिहिलेलं कुणी फुकट वापरलं तर मलाही राग येतो. तरी १९५७ चा कॉपीराइट कायदा मी आजवर उघडून पाहिला नव्हता. त्या रात्री पाहिला. कलम ५२ मध्ये, काय केलं तर हक्कभंग होत नाही, त्याची यादी आहे. खाजगी, वैयक्तिक उपयोगासाठी केलेला रास्त वापर त्यात बसतो, पण लगेच अट आहे : ती कृती म्हणजे संगणक प्रोग्राम नसावा. प्रोग्रामसाठी वेगळी सवलत आहे. ज्याच्याकडे रीतसर घेतलेली प्रत आहे त्याने ती खराब होईल, हरवेल म्हणून जपायला दुसरी प्रत करावी. आमच्या पिवळ्या कॅसेटमध्ये रीतसर काहीच नव्हतं.

मी काही वकील नाही. पण मला जेवढं कळलं तेवढं सकाळी चहाच्या वेळी जाहीर केलं : "बाबांनी घरात ऐकायला रेडिओवरून गाणं टेप केलं, त्यांना कायद्याची सावली आहे. आरोपी मी आणि दादा." दादा म्हणाला, "जेल जवळच आहे, रिक्षाचेही पैसे लागणार नाहीत." बाबांच्या चेहऱ्यावर तेव्हा कुठे हसू आलं.

पुतण्याचा प्रश्न तरी उरलाच. जुना गेम रीतसर खेळायचा तर पैसे द्यायचे कुणाला? तक्रार खरी आहे. व्हिडिओ गेम हिस्ट्री फाउंडेशनने २०२३ मध्ये अमेरिकेतल्या २०१० पूर्वीच्या गेमचा अभ्यास केला, तेव्हा त्यातले ८७ टक्के बाजारात मिळतच नाहीत असं दिसलं. म्हणजे दुकानच बंद आणि गिऱ्हाईक बाहेर उभं. पण म्हणून न शोधताच भिंतीवरून उडी मारायची, हेही बरोबर नाही. आम्ही शोधलं. कोनामी कंपनीने २०१९ मध्ये काँट्राच्या जुन्या आवृत्त्यांचा संच काढला आहे. तो एका पिझ्झ्याहून कमी पैशांत मिळाला. दादा आणि मी पुन्हा शेजारी बसलो. संचातली जपानी आवृत्ती सुरू केली आणि दोघेही थबकलो. पहिल्याच जंगलात झाडं वाऱ्याने हलत होती. आमच्या कॅसेटमध्ये ती कधी हललीच नव्हती.

बाजूच्या छिपाकाकांना हे सांगितलं, तर ते त्यांच्या धंद्यावर आले. बाटिकमध्ये मेणाला तडे जातात, त्यातून रंग आत शिरतो, म्हणून प्रत्येक चादरीवरच्या रेघा वेगळ्या. बाजारात मशीनवर छापलेल्या चादरी येतात, त्यांच्यावर तडेसुद्धा सारखेच. काका म्हणाले, "नक्कल तो सब करते हैं, भैया. नाम हमारा लगा के बेचते हैं, वो चुभता है."

मला कुमारजी आठवले. १९४८ मध्ये क्षयाने आजारी असताना ते देवासला आले, इथून तासाभराच्या वाटेवर. काही वर्षं गाणं बंद होतं. अंथरुणावर पडल्यापडल्या माळव्यातल्या बायाबापड्यांची गाणी कानावर पडत, ती त्यांनी टिपून घेतली. त्यांचा कुणी एक कवी नाही, कायद्याने मालक नाही. वाटलं असतं तर आपलीच म्हणून खपवता आली असती. त्यांनी ती माळव्याची म्हणून मैफलीत मांडली. त्या धुनांमधून नवे राग बांधले, तेव्हाही त्यांना 'धुनउगम राग' म्हटलं. कुठून आले, ते नावातच सांगून टाकलं. घ्यावं तर असं.

मग बाबांच्या कॅसेटचं काम काढलं. फीत आतल्या आत चिकटली होती. स्क्रूवाल्या दुसऱ्या डबीत ती बसवली, ओळखीतून प्लेअर मिळवला, तार लॅपटॉपला जोडली आणि ऑडॅसिटी या मोफत, खुल्या सॉफ्टवेअरवर उतरवून घेतली. शिवाय कुमारजींची माळवी गाणी असलेल्या अ‍ॅपचं रीतसर वर्गणीचं खातं बाबांच्या फोनवर सुरू करून दिलं. स्वच्छ आवाज, श्वाससुद्धा ऐकू येतो. बाबांनी डोळे मिटून शेवटपर्यंत ऐकलं.

"कसं वाटलं?" मी विचारलं.

"उत्तमच. पण यात दूध उतू जात नाही."

पुतण्याने लॅपटॉप पुढे ओढला. "आजोबा, तुमची टेप फॅमिली ग्रुपवर टाकू?"

बाबा थोडा वेळ विचार करत राहिले. मग म्हणाले, "आजी बोलते तेवढंच कापून टाक. ती आपली आहे. गाणं ज्याला ऐकायचं तो विकत ऐकेल."