टॅलाचं कोर्ट आणि दिराचा टेम्पो

लुआसची लाल लाइन टॅलाला संपते. शेवटच्या स्टॉपवर उतरलं की एका बाजूला 'द स्क्वेअर' हे खरेदी केंद्र आणि पलीकडे डब्लिनचे डोंगर. दिवस स्वच्छ असेल तर, म्हणजे क्वचितच. तिथून जुन्या गावाकडे चालत गेलं की इसवी सन ७६९ मध्ये मेलरूअन या संताने मठ उभारला ती जागा लागते. टॅला या नावाचा अर्थ साथीत दगावलेल्यांना पुरलेली जागा. लेकीला शाळेत सोडून मी रोज याच भागातून परतते, आणि इथलं जिल्हा न्यायालयही याच परिसरात आहे. दोन वर्षं मी त्या इमारतीकडे मान वर करून पाहिलंही नव्हतं. गेल्या वर्षी पाहू लागले, कारण आमचा टेम्पो तुरुंगात होता.

टेम्पो म्हणजे छोटा हत्ती. दीर त्यातून गावचा कांदा लासलगावला नेतो. कर्ज ह्यांच्या नावावर मिळालं म्हणून गाडीही ह्यांच्या नावावर. २०२४ च्या ऑगस्टमध्ये एका रात्री भाड्याने ठेवलेल्या ड्रायव्हरने शेतातल्या विहिरींवरच्या मोटारींची चोरलेली केबल त्यातून वाहून नेली आणि पकडला गेला. टेम्पो मुद्देमाल म्हणून जप्त झाला. कोर्टाच्या बाहेर भेटलेल्या एका 'जाणकारा'ने दिराला सांगितलं, "निकाल लागेपर्यंत गाडी विसरा." आणि त्याने ते खरं मानलं. हप्ता मात्र दर महिन्याला इथून जातच होता.

दसऱ्याला दिराने व्हिडिओ कॉल केला. पोलीस ठाण्याच्या आवारात कडुनिंबाखाली टेम्पो उभा, चाकांभोवती गवत, बॅटरी गायब. पहाऱ्यावरच्या शिपायाने हार घालू दिला, तेवढी माणुसकी. दीर म्हणाला, "वहिनी, गाडीने काय गुन्हा केला?"

मी सात वर्षं शाळेत नागरिकशास्त्र शिकवलं. न्यायमंडळ, कायदेमंडळ, कार्यकारी मंडळ. पण जप्त झालेली गाडी कशी सोडवायची, हे त्या पुस्तकात कुठेच नव्हतं आणि मलाही कधी विचारावंसं वाटलं नाही. त्या रात्री वाचायला बसले.

सर्वोच्च न्यायालयाने १ ऑक्टोबर २००२ ला सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य या प्रकरणात स्पष्ट सांगून ठेवलं आहे, की जप्त वाहनं ठाण्यात वर्षानुवर्षं सडवण्यात काही अर्थ नाही. पंचनामा करा, फोटो काढा, योग्य बंधपत्र घ्या आणि लवकर मालकाला द्या. गंमत म्हणजे त्या खटल्यातले आरोपी पोलीसच होते आणि आरोप ठाण्यातल्या मुद्देमालाच्या अफरातफरीचा! जुन्या फौजदारी संहितेतली कलमं ४५१ आणि ४५७, आता १ जुलै २०२४ पासून नव्या नागरिक सुरक्षा संहितेत ४९७ आणि ५०३. नव्या कायद्यात मुदतही घातली आहे. मुद्देमाल न्यायालयापुढे आल्यापासून १४ दिवसांत त्याची यादी, फोटो किंवा चित्रीकरण, आणि मग ३० दिवसांत त्याचं काय करायचं याचा आदेश. वाळू, जंगल, दारू यांच्या गाड्यांना वेगळे नियम लागतात, ते सोडून देते.

मुदत कागदावर होती, पण अर्ज कोणी केलाच नव्हता. आणि अर्ज करायला हवा होता नोंदणीकृत मालकाने, जो बसला होता टॅलात! मंडळातल्या निम्म्या घरांच्या तरी भारतात कुणाकडे ना कुणाकडे 'वापरा हो' म्हणून दिलेल्या गाड्या असतील. आपल्या नावाची गाडी, आपल्या नावाचा विमा, आणि आपण सात हजार किलोमीटर लांब. विमा संपलाय का, हे तरी किती जणांना ठाऊक असतं?

ह्यांनी डब्लिनच्या भारतीय वकिलातीत जाऊन दिराच्या नावे मुखत्यारपत्रावर सही केली. ते पोचल्यावर तिकडे तीन महिन्यांच्या आत मुद्रांक शुल्क भरावं लागतं. मग वकील, आर.सी. बुक, विम्याचा कागद, पोलिसांचा 'से'. त्या 'से'साठीच दोन तारखा गेल्या.

त्याच दिवसांत शेजारच्या आजींच्या नातवाची गाडी गार्डांनी विमा नसल्याबद्दल उचलली. इथे १२५ युरो आणि पहिल्या चोवीस तासांनंतर रोजचे ३५. आजींनी तिसऱ्या दिवशी पैसे भरून, विमा दाखवून गाडी आणली आणि नातवाला महिनाभर बोलल्या. तिथे कोर्टाचा प्रश्नच नव्हता. पण गुन्ह्याच्या तपासात गार्डांच्या ताब्यात गेलेली वस्तू परत हवी असेल, तर अर्ज जिल्हा न्यायालयातच करायचा, तोही १८९७ च्या कायद्याखाली. टिळकांवर राजद्रोहाचा पहिला खटला झाला ते वर्ष! एकाच साम्राज्याने दोन्हीकडे ठेवून गेलेले कायदे, एक टॅलाच्या कोर्टात अजून वापरात, दुसऱ्याचं नाव आपण बदललं. इथल्या कोर्टासमोर बाबागाडी ढकलत आलेल्या बाया पाहिल्या की मला आमच्या तालुका कोर्टातल्या, पदराआड कागदांची पिशवी धरून बसलेल्या बाया आठवतात. चेहऱ्यावरचं वाट बघणं तेच.

डिसेंबरात आदेश झाला. दीड लाखाच्या बंधपत्रावर टेम्पो सुपूर्तनाम्याने मिळाला. अटी अशा: विकायचा नाही, रंगरूप बदलायचं नाही, न्यायालय बोलावेल तेव्हा हजर करायचा. नवी बॅटरी आणि दोन टायर घालून दिराने पहिली खेप लासलगावला नेली आणि मार्केटमधून मला फोटो पाठवला. हप्त्याच्या दिवशी मी तो फोटो काढून बघते.

खटला अजून सुरू झालेला नाही. टेम्पोच्या मागे लिहिलेल्या 'आईचा आशीर्वाद'मधला 'आ' ऊन-पावसाने उडाला आहे. तो पुन्हा रंगवला तर अट मोडते का, असं दीर विचारत होता. वकिलांना विचारून सांगते म्हटलंय.