घेवड्याची माळ

मैत्रिणींनो, श्रावणघेवडा म्हणजे अगदी आपलाच, असं तुम्हालाही वाटतं ना? मलाही वाटायचं. दोन वर्षांपूर्वी वहिनीच्या बाळंतपणासाठी अमेरिकेला जायचा योग आला. खरं तर जायची होती आई, पण तिच्या गुडघ्यांनी असहकार पुकारला. मग शाळेतून बिनपगारी रजा काढून मीच निघाले.

भाऊ टेनेसी राज्यात नॉक्सव्हिलला राहतो. हवा स्वच्छ असली की तिथून ॲपलाशियन डोंगरांची निळसर रांग दिसते. शेजारी पंचाहत्तरीच्या एक आजी होत्या, मूळच्या केंटकीच्या डोंगरातल्या. ऑगस्टमधल्या एका दुपारी पाहते तो, आजी व्हरांड्यात बसून जाड दोऱ्यात घेवड्याच्या शेंगा ओवताहेत! दाणे भरलेल्या, शिरा काढलेल्या शेंगा. म्हटलं, ही माळ कोणत्या देवाला? पण ती होती हिवाळ्याची बेगमी. माळ टांगून ठेवायची, शेंगा वाळून सुरकुततात, तपकिरी होतात. म्हणून त्यांचं नाव ‘लेदर ब्रिचेस’, म्हणजे चामड्याच्या तुमानी! नाव ऐकून मला हसूच आवरेना.

या शेंगा रात्रभर भिजवून, खारवलेल्या डुकराच्या मांसाचा तुकडा घालून, मंद आचेवर तीन-चार तास शिजवतात. मी मांसाहार करत नाही कळल्यावर आजींनी गेल्या वर्षीची माळ काढली आणि माझ्यासाठी वेगळ्या, नुसत्या कांद्यावर शिजवल्या. चव घेवड्याची नाहीच मुळी. खमंग, दाट, किंचित मातकट. सोबत मक्याचा पाव. मक्याचं पीठ ताकात भिजवायचं, लोखंडी पॅन चांगला तापवून त्यात ओतायचं आणि भाजायचं. खालून कशी कुरकुरीत खरपुडी येते! साखर घालायची का, असं विचारलं तर आजी म्हणाल्या, “साखर केकमध्ये.”

हा मका आणि हा घेवडा मूळचे अमेरिका खंडातले. आपल्याकडे समुद्रमार्गे आले. त्या डोंगरात तिथले चेरोकी लोक मका, घेवडा आणि भोपळा एकाच वाफ्यात लावत. घेवड्याचा वेल मक्याच्या ताटावर चढायचा, भोपळ्याची पानं जमिनीत ओल धरून ठेवायची. अठराव्या शतकात स्कॉटिश-आयरिश आणि जर्मन कुटुंबं तिथं आली, ती हे सारं त्यांच्याकडूनच शिकली. आणि १८३८ साली त्याच चेरोकींना सैन्यानं घराबाहेर काढून पश्चिमेला हाकललं. वाटेत आणि छावण्यांत सुमारे ४,००० माणसं मेली, असं सांगतात. थोडे लोक नॉर्थ कॅरोलिनाच्या डोंगरात राहिले, त्यांचे वंशज आजही तिथं आहेत. हे वाचलं त्या दिवशी मला जेवण गोड लागलं नाही.

डोंगरातल्या बायका चेस्टनट वेचून दुकानात द्यायच्या आणि बदल्यात मीठ, साखर, मुलांचे बूट आणायच्या. १९०४ साली न्यूयॉर्कमध्ये त्या झाडांवर एक बुरशी आढळली. पुढच्या चाळीस-पन्नास वर्षांत कोट्यवधी झाडं गेली. बायकांच्या हातातला तेवढाही पैसा गेला.

पण मला सांगायचंय ते डब्याबद्दल. १९०२ साली केंटकीतल्या हिंडमन गावी कॅथरीन पेटिट आणि मे स्टोन या दोन बायकांनी शाळा काढली. दोघी त्याच राज्यातल्या, पण सखल, सधन भागातल्या. काम मोठं केलं त्यांनी, यात शंका नाही. पण अशा सुधारक बायकांना डोंगरातला मक्याचा पाव मागासलेला वाटायचा. त्या गव्हाची बिस्किटं शिकवायच्या. त्यासाठी विकतचं पीठ हवं, चांगली भट्टी हवी आणि कणीक अर्धा-अर्धा तास बडवायला सवड हवी. डोंगरातल्या बाईकडे यातलं काय होतं? (आज तीच संस्था डोंगरी खाद्यपरंपरा जपण्याचं काम करते, ही गंमतच म्हणायची.)

आजी शाळेत होत्या तोपर्यंत काळ बदलला होता, लाज मात्र तीच. गावातल्या मुलांच्या डब्यात दुकानचा पांढरा पाव असायचा. आजी आपला मक्याचा तुकडा डब्याच्या झाकणाआड धरून खायच्या. हे सांगताना त्यांनी हात आडवा धरून दाखवला, आणि माझा घास हातातच राहिला.

कारण तो हात मी पाहिलेला होता. पाचवीच्या पालकसभेत मीच एका मुलीच्या आईला सांगितलं होतं, “डब्यात भाकरी नको हो, वाळते. पोळी-भाजी द्या.” सगळ्यांदेखत! अगदी सदिच्छेनं सांगितलं. त्या माउली फक्त “बरं, बाई” म्हणाल्या. ती मुलगी नंतर मधल्या सुट्टीत खिडकीकडे तोंड करून बसायची. मला वाटायचं, अबोल आहे.

परत आल्यावर एप्रिलच्या उन्हात मी घेवड्याची माळ केली. सासूबाई म्हणाल्या, “एवढ्या शेंगांसाठी चार तास गॅस?” म्हणून कुकरला लावल्या, तर पाच शिट्ट्यांत पार लगदा! तुम्ही केल्यात तर पातेल्यातच शिजवा.

ती मुलगी आता दुसऱ्या शाळेत गेली. तिचा धाकटा भाऊ यंदा माझ्या वर्गात आहे. परवा मधल्या सुट्टीत मी त्याच्या बाकावर जाऊन बसले आणि माझा डबा उघडला. ज्वारीची भाकरी आणि ठेचा. त्यानं एकदा माझ्या डब्याकडे पाहिलं, एकदा माझ्याकडे. आणि आपलं झाकण होतं तसंच आडवं ठेवून जेवायला लागला.