काळ अडविणाऱ्या तीन अंगठ्या

काळ थांबावा, ही इच्छा मनुष्याच्या मनात केव्हा ना केव्हा उमटल्यावाचून राहत नाही. दुःखात तो लवकर सरावा असे वाटते; सुखात मात्र तो उंबरठ्यावरच थबकावा, अशी आपली विनवणी असते. काळ म्हणजे काय, याचा शोध संत ऑगस्टीनने कसा घेतला, हे आम्ही सेमिनरीत तत्त्वज्ञानाच्या वर्गात शिकलो. परंतु काळाला धरून ठेवण्याच्या इच्छेचे मर्म आम्हांला पाठ्यपुस्तकात नव्हे, तर एका कल्पित जगाच्या कथेत उमगले.

ती कथा म्हणजे जे. आर. आर. टॉल्किन यांची १९५४ व १९५५ या वर्षांत तीन खंडांत प्रसिद्ध झालेली ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’. तिच्यातील एका दुष्ट अंगठीची ख्याती जगभर झाली. पण त्याच कथेत आणखी तीन अंगठ्या आहेत, त्यांच्याविषयी फारसे कोणी बोलत नाही. नार्या, नेन्या आणि विल्या ही त्यांची नावे. एल्फ नावाच्या अमर जातीतील केलेब्रिम्बॉर या कारागिराने त्या घडविल्या. शत्रूचा संहार करणे वा संपत्ती वाढविणे हे त्यांचे काम नव्हते. झीज रोखणे, ऱ्हासाची गती मंदावणे, हीच त्यांची मुख्य शक्ती, असे टॉल्किन यांनी १९५१ च्या सुमारास लिहिलेल्या एका दीर्घ पत्रात स्पष्ट केले आहे.

नेन्या ही अंगठी गॅलाड्रिएल राणीच्या बोटात असते आणि तिच्या बळावर लोथलोरिएनचे सुवर्णपर्णी वन म्लान होत नाही. कथेतील वाटसरू तेथे सुमारे एक महिना राहतात. निघाल्यावर सॅम नावाचा साधा माळी आकाशातील चंद्रकोर पाहतो आणि चक्रावून जातो; त्याच्या हिशेबी मोजकेच दिवस उलटलेले असतात.

येथे वाचकाच्या मनात प्रश्न उभा राहतो. एल्फ जर अमर, तर त्यांना काळाचे भय कशाला? उत्तर असे की ते स्वतः मरत नाहीत, पण ज्या भूमीवर त्यांनी जीव लावला ती त्यांच्या डोळ्यांदेखत जुनी होत जाते. मागे उरणाऱ्याचे हे दुःख टॉल्किन यांना लहानपणीच ठाऊक झाले होते. त्यांच्या आईने १९०० साली कॅथलिक श्रद्धा स्वीकारली, त्यापायी आप्तांचा आधार गमावला आणि १९०४ साली तिचे निधन झाले. बारा वर्षांच्या मुलाचे पालकत्व फादर फ्रान्सिस मॉर्गन या धर्मगुरूंकडे आले. पुढे महायुद्धात जिवलग मित्र गेले. अशा माणसाने काळ अडविणारी अंगठी कल्पिली, तर त्यात नवल ते काय?

नवल आहे ते पुढे. या तीन अंगठ्यांना दुष्टाचा स्पर्शही झालेला नव्हता. त्या प्रेमातून घडल्या होत्या. तथापि त्या घडविण्याची विद्या सौरॉन या दुरात्म्याकडून मिळालेली होती, म्हणून त्यांचे बळ त्याच्या एकमेव अंगठीशी जखडलेले राहिले. ती नष्ट होताच याही निस्तेज होणार होत्या. जे प्रिय आहे ते बदलूच नये असा हट्ट धरणारे प्रेम आणि सत्तेची लालसा, यांच्या मुळाशी कोठेतरी एकच धागा असतो, हे लेखकाने किती हळुवारपणे सुचविले आहे!

संत पेत्राला पर्वतावर प्रभूचे तेजोमय रूप दिसले, तेव्हा त्यालाही तीन मंडप उभारावेसे वाटले. ती इच्छा पापी नव्हती. पण प्रभू त्याला पर्वतावरून खाली, माणसांच्या गर्दीत घेऊन आला. खुद्द टॉल्किनही या मोहापासून दूर नव्हते. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनंतर मिस्सा इंग्रजीत होऊ लागली, तरी आजोबा मोठ्याने लॅटिनमधूनच प्रतिसाद देत, अशी आठवण त्यांच्या नातवाने लिहिली आहे.

आम्हांला त्यांच्यावर हसवत नाही. वसईच्या आमच्या घरी मातोश्रींची खोली त्यांच्या पश्चात अकरा वर्षे जशीच्या तशी आहे: खुंटीवर रोझरी, खिडकीशी शिवणयंत्र, भिंतीवर पिवळे पडलेले कॅलेंडर. गेल्या ईस्टरला वहिनी शांतपणे म्हणाल्या, “फादर, ही खोली उघडते ती फक्त तुम्ही आलात की.” पुतण्याच्या घरी पाळणा हलला आहे आणि घरात जागा अपुरी पडते आहे. त्या खोलीत आता ते बाळ निजेल, असे ठरले. आम्ही होकार दिला. मन मात्र अद्याप पुरते राजी नाही.

म्हणूनच गॅलाड्रिएलचा निर्णय आम्हांला मोठा वाटतो. दुष्ट अंगठी तिला देऊ केली जाते, ती नाकारते. ती अंगठी नष्ट झाल्यास आपले वन कोमेजेल हे ठाऊक असूनही ती वाटसरूंना साह्य करते. निरोप देताना सॅमच्या हाती ती एक लहानशी पेटी ठेवते: तिच्या बागेतील माती आणि मॅलॉर्न वृक्षाचे एक बी. सॅम परततो तो त्याच्या गावातील झाडे तोडलेली असतात. तो प्रत्येक रोपाच्या मुळाशी त्या मातीचा एकेक कण घालतो, बी पेरतो. आणि पुढच्या वसंतात वीस वर्षांची वाढ जणू एकाच वर्षात होते.

काळ तोच. मुठीत धरला तेव्हा त्याने एक वन म्लान होऊ दिले नाही, एवढेच. मूठ उघडली तेव्हा मात्र दूरच्या एका उजाड गावात, ज्याने ते वन केवळ महिनाभर पाहिले होते त्या माळ्याच्या हातून, तो अंकुरला.